डोक्याचा मुका मार आणि कोडचं शेवटचं अक्षर

रक्त आलं की घरातले सगळे धावतात. हात मोडला तर प्लास्टर दिसतं, शेजारीपाजारी विचारपूस करतात. मुका मार मात्र ज्याचा त्यालाच ठाऊक असतो. मेंदूला बसलेला मुका मार तर पुष्कळदा ज्याचा त्यालाही लवकर कळत नाही. सीटी स्कॅन स्वच्छ येतो, माणूस दुसऱ्या दिवशी घरी येतो, चहा पितो, बोलतो. आणि तीन आठवड्यांनी त्याच्या लक्षात येतं की पेपरातली एक बातमी सलग वाचून होत नाही.

पुण्यात बसून अमेरिकेतल्या दवाखान्यांच्या केसपेपरांना निदानाचे कोड लावणं, हे माझं काम. आता त्यातला बराच वेळ नव्या मुलामुलींना शिकवण्यात जातो. डोक्याला मार लागलेला रुग्ण पुन्हा तपासायला आला की कोडच्या शेवटी कोणतं अक्षर लावायचं, हा प्रश्न दर बॅचमध्ये येतो आणि दर बॅचमध्ये चुकतो. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे. कोडिंग शिकणाऱ्यांसाठी तर आहेच, पण ज्यांच्या घरातलं कुणी अमेरिकेत राहतं आणि ज्यांच्या हातात कधी न कळणारी बिलं पडतात, त्यांच्यासाठीही आहे. कोडमधली रोमन अक्षरं मी इथे देवनागरीत लिहीन.

निदानाचा कोड म्हणजे आजाराचं आकड्याअक्षरांतलं नाव. 'कंकशन', 'डोक्याला धक्का', 'मेंदू हादरला' असं दहा डॉक्टर दहा तऱ्हांनी लिहितील. कोड एकच येतो. या कोडांची जगभरची यादी म्हणजे आयसीडी. १८९३ साली जाक बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, तिची ही पणती. आज ती जागतिक आरोग्य संघटना सांभाळते. अमेरिकेने त्यातल्या दहाव्या आवृत्तीला आपल्या गरजेप्रमाणे फांद्या फोडल्या आणि आयसीडी-१०-सीएम तयार केलं. ते तिथे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू आहे. फांद्या किती फुटल्या, हे डोक्याच्या दुखापतीत फार स्पष्ट दिसतं.

उदाहरणासाठी एक काल्पनिक गृहस्थ घेऊ. नाव विनायक, वय चाळीस, मूळचे साताऱ्याचे, राहायला न्यू जर्सीत. फेब्रुवारीतल्या एका सकाळी घरापुढचा बर्फ उपसताना त्यांचा पाय घसरला आणि डोक्याची मागची बाजू सिमेंटवर आपटली. बायकोने खिडकीतून पाहिलं, धावत बाहेर आली. तिच्या म्हणण्याप्रमाणे पाचेक मिनिटं त्यांनी डोळे उघडले नाहीत. इमर्जन्सीत नेलं, सीटीत काही निघालं नाही. डॉक्टरांनी लिहिलं: कंकशन, पाच मिनिटं शुद्ध हरपली होती.

याचा कोड होतो एस०६.०एक्स१ए. एकूण सात घरं. पहिली तीन, एस०६, म्हणजे कवटीच्या आतली दुखापत. चौथं ० म्हणजे कंकशन. इथे ४ असतं तर कवटी आणि मेंदूच्या बाहेरच्या आवरणामधला रक्तस्राव, ५ असतं तर त्या आवरणाखालचा, म्हणजे सबड्युरल. पाचवा एक्स नुसता जागा धरून ठेवतो. सातव्या घरातलं अक्षर सातव्याच घरात पडावं म्हणून तो तिथे बसवलेला असतो. सहावं १ सांगतं की शुद्ध हरपली होती आणि ती अर्ध्या तासाच्या आत परत आली. आणि सातवं अक्षर ए. आपल्याला मुख्यतः त्याच्याबद्दल बोलायचं आहे, पण सहाव्या घरापाशी थोडं थांबावं लागेल, कारण पुढच्या सगळ्या भेटींत हे घर जसंच्या तसं पुढे जातं.

बायको खिडकीत नसती तर? विनायक बर्फात किती वेळ पडले होते, शुद्ध हरपली होती की नुसते गांगरून पडून राहिले होते, हे सांगणार कोण? ज्याची शुद्ध गेली, तो त्या मिनिटांचा साक्षीदार नसतो. पूर्वी कोडरपुढे मोठीच अडचण होती. सहाव्या घरात ९ लावला तर अर्थ होतो 'शुद्ध हरपली होती, पण किती वेळ ते नोंदलेलं नाही'. मुळात हरपली की नाही हेच माहीत नसेल, तर त्यासाठी जागाच नव्हती. ती २०२२ च्या ऑक्टोबरमध्ये आली: सहाव्या घरात ए. म्हणजे एस०६.०एक्सएए. शेवटचे दोन ए सारखे दिसतात आणि नवी मुलं हमखास गोंधळतात. पहिला ए शुद्धीबद्दल बोलतो, दुसरा उपचाराच्या टप्प्याबद्दल. मला ही दुरुस्ती मनापासून आवडते. माहीत नसलेली गोष्ट माहीत नाही असंच लिहिता येणं, हे नोंदीच्या प्रामाणिकपणाचं पहिलं लक्षण आहे.

आता सातवं घर. एस०६ मध्ये इथे तीनच अक्षरं बसतात: ए, डी आणि एस. पुस्तकात त्यांची नावं आहेत इनिशियल एन्काउंटर, सबसिक्वेंट एन्काउंटर आणि सिक्वेला. घोळ या नावांनीच घातला आहे. 'इनिशियल' वाचलं की वाटतं पहिली भेट, 'सबसिक्वेंट' म्हणजे दुसरीपासून पुढे. तसं नाही. भेट कितवी, हे हे अक्षर विचारतच नाही. उपचार कोणत्या टप्प्यावर आहेत, एवढंच ते विचारतं. दुखापतीवर प्रत्यक्ष उपचार चालू आहेत तोवर ए, मग भेटी चार झालेल्या असोत. उपचार आटोपून माणूस बरा होण्याच्या वाटेवर आहे आणि डॉक्टर त्याच्यावर लक्ष ठेवून आहेत, तेव्हा डी. दुखापत मागे पडली, पण तिने काहीतरी मागे ठेवलं आणि आता त्यावर उपचार होत आहेत, तर एस.

विनायक आठ दिवसांनी आपल्या नेहमीच्या डॉक्टरांकडे गेले. डोकं दुखतं, उजेड सहन होत नाही, उठताना गरगरतं, पण आधीपेक्षा बरं आहे. डॉक्टर म्हणाले विश्रांती चालू ठेवा, स्क्रीन कमी करा, हळूहळू कामाला लागा. हा डी: एस०६.०एक्स१डी. डोकेदुखी आणि गरगरणं इथे वेगळं लावायचं नाही, कारण ती कंकशनचीच लक्षणं आहेत, मूळ कोडाच्या पोटात येतात.

तिसऱ्या आठवड्यात ते पहिल्यांदाच न्यूरोलॉजिस्टकडे गेले. इथे ट्रेनिंगमधली निम्मी मुलं ए लावतात. का? तर स्वागतकक्षाने 'न्यू पेशंट' नोंदवलंय. पण नवा पेशंट ही गोष्ट वेगळ्याच कोडांची आहे. डॉक्टरांच्या भेटीचं बिल सीपीटी नावाच्या दुसऱ्या यादीतून होतं, आणि तिथे गेल्या तीन वर्षांत त्या डॉक्टरकडे, किंवा त्यांच्याच गटातल्या त्याच शाखेच्या डॉक्टरकडे न आलेला रुग्ण नवा धरतात. तो हिशेब तिथेच संपतो. निदानाच्या सातव्या अक्षरासाठी डॉक्टर नवा की जुना हे बघायचं नाही, असं नियमावलीत स्वच्छ लिहिलं आहे. मग डी लावायचा? नोंद वाचल्याशिवाय सांगता येत नाही. विनायकांची तब्येत बिघडत होती म्हणून न्यूरोलॉजिस्टने नव्याने तपासण्या केल्या आणि दुखापतीवर उपचार सुरू केले असतील, तर ए योग्य ठरतो. सुधारणा नीट चालली आहे ना, एवढंच पाहिलं असेल तर डी. तारीख बघून अक्षर लावणारा कोडर इथे पकडला जातो.

हाड मोडलं असेल तर हे ठरवणं त्या मानाने सोपं. एक्स-रेत हाड जुळलेलं दिसतं, डॉक्टर तसं लिहितात. कंकशनमध्ये जुळलेलं दाखवणारी काचच नाही. स्कॅन पहिल्या दिवशीही स्वच्छ होता, चौथ्या महिन्यातही स्वच्छच आहे. दुखापत कधी संपली आणि तिचं मागे राहिलेलं दुखणं कधी सुरू झालं, ही रेघ यंत्र आखत नाही, रुग्णाच्या बोलण्यावरून डॉक्टर आखतो. आणि ती रेघ कागदावर उतरली नाही तर कोडरने स्वतःच्या अंदाजाने आखायची नसते. डॉक्टरांना विचारायचं असतं. त्याला आम्ही क्वेरी टाकणं म्हणतो, आणि मी मुलांना सांगते की क्वेरी टाकायला कधीही कंटाळू नका.

चौथ्या महिन्यात विनायक परत आले. ऑफिसला जातात, पण दुपारनंतर डोकं ठणकतं, मीटिंगमधलं बोलणं निसटून जातं, एक ईमेल तीनदा वाचावं लागतं. न्यूरोलॉजिस्टने लिहिलं: फेब्रुवारीतल्या कंकशनमुळे आलेली जुनाट डोकेदुखी, लक्ष केंद्रित होत नाही. या एका वाक्याने सगळं ठरतं. आता आधी लावायचा तो आजचा त्रास: जी४४.३२९, म्हणजे मार लागल्यानंतरची जुनाट डोकेदुखी, औषधाला अगदीच दाद न देणारी नव्हे. मग आर४१.८४०, लक्ष आणि एकाग्रता कमी पडणं. आणि त्यांच्या मागोमाग मूळ दुखापत, शेवटी एस लावून: एस०६.०एक्स१एस. क्रम उलटा चालत नाही, आणि एसचा कोड एकटा पाठवणंही चालत नाही. 'मागे काहीतरी राहिलं' एवढंच सांगितलं आणि काय राहिलं ते सांगितलं नाही, तर वाक्य अपुरंच राहतं. विमा कंपनी तसा क्लेम परत पाठवते.

पडण्याचं कारणही सोबत चालतं. बर्फावर घसरून पडणं याचा कोड डब्ल्यू००.०, आणि त्याचं शेवटचं अक्षर दुखापतीच्या अक्षराबरोबर बदलत जातं: पहिल्या दिवशी ए, मग डी, मग एस. कुठे पडले आणि काय करताना पडले, हे मात्र एकदाच, सुरुवातीला नोंदवायचं.

या एसला मुदत नाही, हे फार थोड्या लोकांना माहीत असतं. तीन महिन्यांनी लावा नाहीतर तीस वर्षांनी. त्रास त्या दुखापतीमुळे आहे असं डॉक्टरांनी लिहिलं की झालं. कॉलेजात असताना अपघात झालेला माणूस पन्नाशीत वास न येण्याची तक्रार घेऊन आला आणि डॉक्टरांनी त्या अपघाताशी सांधा जोडला, तर वास न येण्याचा आर४३.० पुढे आणि जुनी दुखापत एस लावून मागे.

डॉक्टरांनी डोकेदुखी, एकाग्रता असं सुटं सुटं न लिहिता 'पोस्ट-कंकशनल सिंड्रोम' लिहिलं, तर त्यासाठी स्वतंत्र कोड आहे: एफ०७.८१. त्याच्याखाली सूचना आहे की मारानंतरची डोकेदुखी असेल तर तिचा कोड जोडा. दुसरीही सूचना आहे, आणि ती जास्त महत्त्वाची: चालू कंकशनचा कोड याच्याबरोबर लावायचा नाही. कंकशन ताजं तरी असेल, नाहीतर त्यानंतरचा सिंड्रोम तरी. एकाच भेटीत दोन्ही असू शकत नाहीत. ए लावलेला एस०६.० आणि एफ०७.८१ एकत्र दिसले की ऑडिटमध्ये लाल खूण पडलीच म्हणून समजा.

इथे मला माझ्या मामाची आठवण येते. बारा-तेरा वर्षांपूर्वी स्कूटरवरून पडला. एका रुग्णालयात दोन दिवस ठेवलं, स्कॅन चांगला आला, घरी सोडलं. डिस्चार्ज कार्डावर दोन शब्द होते, 'हेड इंज्युरी'. शुद्ध गेली होती का, किती वेळ, पुढे काय त्रास होऊ शकतो, काहीच नाही. मामाचं किराणा दुकान. त्यानंतर वर्षभर त्याचा संध्याकाळचा हिशेब जुळला नाही. गिऱ्हाइकावर ओरडायचा, मग वाईट वाटून गप्प बसायचा. स्कॅन नॉर्मल आहे ना, मग आता काय झालं तुला, असं आम्ही सगळेच म्हणायचो. मीही म्हटलं आहे. या कामाला लागल्यावर मला कळलं की त्याच्या त्रासाला नाव होतं, आणि ते यादीत आधीपासून छापलेलं होतं.

'हेड इंज्युरी' हे दोन शब्द अमेरिकेतही तितकेच महागात पडतात. डॉक्टरने नुसतं 'डोक्याला इजा' लिहिलं तर कोड एस०९.९० मध्ये जातो, म्हणजे डोक्याची अनिर्दिष्ट इजा. मेंदूचा तिथे उल्लेखच नाही. 'ट्रॉमॅटिक ब्रेन इंज्युरी' एवढंच लिहिलं तर एस०६.९, मेंदूला इजा आहे पण कोणती ते नाही. 'कंकशन' लिहिलं तर एस०६.०. माणूस तोच, पडणं तेच, आणि कागदावर तीन वेगळे रुग्ण. पुढे चार महिन्यांनी एकाग्रतेसाठी थेरपी मागितली, आणि पहिल्या कागदावर मेंदूच नसेल, तर विमा कंपनी विचारणार की हे कुठून आलं.

'माइल्ड' या शब्दाबद्दलही सांगायला हवं, कारण तो घरच्यांना फार फसवतो. मेंदूच्या दुखापतीची सौम्य, मध्यम, तीव्र ही वर्गवारी मुख्यतः सुरुवातीच्या अवस्थेवरून होते. शुद्ध अर्ध्या तासाच्या आत परत आली तर सौम्य, अर्धा तास ते चोवीस तास मध्यम, त्याहून जास्त तीव्र. जोडीला ग्लासगो कोमा स्केलचे गुण असतात. टीसडेल आणि जेनेट या दोन डॉक्टरांनी ग्लासगोमध्ये १९७४ साली बसवलेलं हे मोजमाप: डोळे, बोलणं, हालचाल मिळून पंधरा गुण. तेरा ते पंधरा सौम्य, नऊ ते बारा मध्यम, आठ आणि त्याखाली तीव्र. म्हणजे 'सौम्य' हा पहिल्या तासांचा शेरा आहे. त्या माणसाचे पुढचे सहा महिने कसे जातील, हे तो सांगत नाही. सहाव्या महिन्यात कुणी 'अहो, सौम्यच होतं ते' असं म्हणालं, तर त्याने शब्द चुकीच्या जागी लावला आहे.

गंभीर दुखापतीत तत्त्व हेच, फक्त मागे राहणारं मोठं असतं. सबड्युरल रक्तस्राव झाला, कवटी उघडून शस्त्रक्रिया झाली, जीव वाचला, पण उजवी बाजू लुळी पडली. पुनर्वसन केंद्रातल्या महिन्यांसाठी आधी पक्षाघाताचा जी८१, मागे एस०६.५ एस लावून. उजव्या हाताचा की डावखुरा, हे लिहिलेलं नसेल तर नियम सांगतो: उजवी बाजू लुळी असेल तर ती वापरातली प्रमुख बाजू धरा, डावी असेल तर तशी धरू नका. इथली एक चूक मी अनुभवी लोकांकडूनही होताना पाहिली आहे. मेंदूत रक्तस्राव, लुळेपणा, वाचा गेलेली, एवढं वाचलं की हात सवयीने आय६९ कडे जातो. आय६९ हे स्ट्रोकच्या मागे राहणाऱ्या त्रासांचं घर आहे. मार लागून झालेला रक्तस्राव तिथे जात नाही, आणि त्या घराच्या दारावरच तशी पाटी आहे. चुकून तिथे टाकला तर पडून जखमी झालेला तरुण कागदावर स्ट्रोकचा रुग्ण होतो आणि पुढचा प्रत्येक डॉक्टर त्याच्या रक्तवाहिन्यांची चिंता करत बसतो.

जुन्या आयसीडी-९ वर तयार झालेले काही जण पुनर्तपासणी म्हटलं की 'आफ्टरकेअर'चा झेड कोड शोधतात. दुखापतीच्या बाबतीत ते चालत नाही. ते काम इथे डी करतो. आणि आपल्याकडे शिकणाऱ्यांनी आणखी एक लक्षात ठेवा. जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१० उघडली तर तिथे ए, डी, एस काहीच सापडणार नाही. तिथे कवटीतल्या दुखापतीच्या मागे राहिलेल्या त्रासाला सरळ वेगळा कोड आहे, टी९०.५. अमेरिकी यादीत तो नाही. परीक्षेच्या आदल्या रात्री भलतं पुस्तक हातात घेऊन रडकुंडीला आलेली मुलं मी पाहिली आहेत.

रुग्णाच्या घरच्यांना माझं सांगणं थोडंच आहे. पडल्याच्या दिवशीची हकीकत जमेल तितक्या लवकर लिहून ठेवा: कुणी पाहिलं, किती वेळ शुद्ध नव्हती, उठल्यावर पहिलं काय बोलला, पडण्याआधीचं शेवटचं काय आठवतं. नंतरच्या प्रत्येक भेटीत 'बरं नाही वाटत' एवढ्यावर थांबू नका. कोणता त्रास, कधीपासून, आणि तो पडण्याआधी होता का, हे सांगा. डॉक्टरांना मोकळेपणाने विचारा: हा त्रास त्या पडण्यामुळे आहे का, आणि तसं नोंदीत लिहाल का? 'त्यामुळे' हा एक शब्द नोंदीत असेल तर कोडरला एस लावता येतो. तो नसेल तर डोकेदुखी ही नुसती डोकेदुखी राहते, कुठूनही आलेली.

विनायकांचं शेवटचं पान अजून राहिलं. दोन वर्षांनी ते वार्षिक तपासणीला गेले. डॉक्टरांनी इतिहास विचारला, कंकशन झालं होतं हे लिहून घेतलं. डोकेदुखी थांबलेली, काम सुरळीत, औषध काही नाही. आता एस०६ लावायचाच नाही. आता झेड८७.८२०, मेंदूला मार लागल्याचा पूर्वेतिहास. या कोडचा अर्थ होतो की ते घडलं होतं, संपलं, पण पुढे पुन्हा डोक्याला मार लागला तर हे माहीत असलेलं बरं.

मात्र डॉक्टरांची नोंद अशी असेल: 'पूर्वी मेंदूला दुखापत, त्यामुळे अजून महिन्यातून चार-पाच वेळा डोकं दुखतं', तर 'पूर्वी' हा शब्द वाचून झेड लावायचा नाही. वाक्य शेवटपर्यंत वाचायचं. ते दुखणं आज आहे, म्हणून ते आधी येईल, आणि त्याच्या मागे दोन वर्षांपूर्वीच्या त्या बर्फातल्या सकाळीचा कोड, एस लावून.